बालेवाडीचा नीलकंठ

खडकवासल्याच्या जलाशयाकाठी पसरलेल्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीच्या आवारात घुमटाची जी भव्य मुख्य इमारत उभी आहे, तिच्या पायाशी आफ्रिका खंडातून आलेला पैसा आहे, ही गोष्ट रविवारी धरणावर सहलीस जाणाऱ्या पुणेकरांपैकी थोड्यांनाच ठाऊक असते. दुसऱ्या महायुद्धात पूर्व आफ्रिकेच्या मोहिमेत सुदानच्या रक्षणार्थ भारतीय सैनिकांनी जे बलिदान केले, त्याचे स्मारक व्हावे म्हणून १९४१ साली तेथील सरकारने हिंदुस्थानच्या व्हाइसरॉयकडे १ लाख पौंडांची देणगी धाडली. फाळणीनंतर तिच्यातील ७० हजार पौंड भारताच्या वाट्यास आले. आणि ६ ऑक्टोबर १९४९ रोजी पंडित नेहरूंच्या हस्ते ज्या संस्थेची कोनशिला बसली, तिची मुख्य वास्तू त्या रकमेतून उभी राहून सुदान ब्लॉक या नावाने ओळखली जाऊ लागली. पुढे १९६४ साली नायजेरियाने कडुना येथे आपली संरक्षण प्रबोधिनी स्थापन केली, तेव्हा तिच्या पहिल्या प्रमुखपदी ब्रिगेडियर वर्मा या भारतीय अधिकाऱ्याची नेमणूक झाली. पुण्याच्या मुलुखाचा आफ्रिकेशी असलेला हा संबंध असा जुना आणि उभयपक्षी आदराचा आहे.

तो संबंध फुटबॉलच्या मैदानावरही आला. २०१२-१३ च्या हंगामात पुणे फुटबॉल क्लबच्या आघाडीवर जेम्स मोगा नावाचा एक उंचापुरा खेळाडू होता. तो आधी सुदानकडून खेळलेला. परंतु ९ जुलै २०११ रोजी दक्षिण सुदान स्वतंत्र झाला आणि मोगाचे राष्ट्र त्याच्या कारकिर्दीच्या मध्यावरच बदलले. त्याच हंगामात त्याच संघाच्या मध्यफळीत असा एक खेळाडू होता की, ज्याने आपले राष्ट्र स्वतःच्या इच्छेने बदलले होते. जपानमध्ये तो अराता इझुमी होता. भारत सरकारच्या दप्तरी तो नीलकंठ खंभोळजा झाला. या लेखाचा नायक तोच आहे. परंतु त्याच्या कथेचे मोल नीट कळावे म्हणून थोडे दूरच्या मुलुखांतून फिरून येणे आवश्यक आहे.

दोन देशांचे रक्त अंगी असलेल्या फुटबॉलपटूंची गोष्ट निघाली म्हणजे जगाला प्रथम आठवतात ते बोआटेंग बंधू. दोघेही बर्लिनमध्ये जन्मलेले, पिता एकच व तो घानाचा, माता निरनिराळ्या. २३ जून २०१० रोजी जोहान्सबर्ग येथे विश्वचषकाच्या सामन्यात धाकटा जेरोम जर्मनीकडून आणि थोरला केविन-प्रिन्स घानाकडून असे दोघे समोरासमोर उभे राहिले, आणि जर्मनीने तो सामना एका गोलाने जिंकला. केविन-प्रिन्स याआधी जर्मनीच्या युवक संघांतून खेळलेला होता. एकविसाव्या वर्षानंतर देश बदलण्यास जी मनाई होती ती फिफाने २००९ साली उठवली नसती, तर त्याला घानाचा पोशाख अंगावर चढवताच आला नसता. जर्मन सरकारने, घानाच्या सरकारने आणि फिफाच्या नियमावलीने मिळून या भावांना निवड करण्याची मुभा दिली, आणि त्या मुभेचा दोघांनी दोन दिशांनी उपयोग केला.

परंतु बोआटेंग बंधू हे शिखरावरचे. हॅम्बर्ग, बर्लिन, फ्रँकफर्ट अशा शहरांतील घानी कुटुंबांमधून जी असंख्य मुले फुटबॉल खेळू लागतात, त्यांतील बहुतेकांची कारकीर्द शिखरापासून फार खाली, परंतु तितक्याच कष्टाने घडते. जर्मनीत बुंडेसलीगा आणि दुसरी बुंडेसलीगा यांच्याखाली २००८ पासून तिसरी लीग आहे; तिच्याखाली पाच विभागांत वाटलेली प्रादेशिक लीग, आणि तिच्याही खाली ओबरलीगा. तिसऱ्या लीगपर्यंत खेळाडूस वेतनावर संसार करता येतो. प्रादेशिक लीगमध्ये एकाच मैदानावर मोठ्या क्लबांच्या राखीव संघांतील उमेदवार आणि दिवसभर नोकरी करून संध्याकाळी सरावास येणारे गृहस्थ एकमेकांशी झुंजत असतात. मोठ्या क्लबाच्या युवक विभागातून अठराव्या-एकोणिसाव्या वर्षी ज्याला निरोप मिळतो, त्याच्यापुढे दोनच मार्ग उरतात: या खालच्या पायऱ्यांवर टिकून राहणे, नाहीतर समुद्र ओलांडून अमेरिकेच्या विद्यापीठात जाणे.

अमेरिकेतील महाविद्यालयीन फुटबॉल ही आपल्याकडील आंतरविद्यापीठ स्पर्धांहून फार निराळी व्यवस्था आहे. तेथे विद्यापीठाचा संघ म्हणजे जवळजवळ व्यावसायिक क्लबच असतो; त्याला पगारी प्रशिक्षक, स्वतःचे मैदान, वैद्यकीय पथक आणि परदेशांतून खेळाडू हेरण्याची यंत्रणा असते; फक्त खेळाडूला वेतनाऐवजी शिक्षण मिळते. आणि तेही पूर्ण मिळतेच असे नाही. प्रथम विभागातील पुरुषांच्या संघास अनेक वर्षे ९.९ शिष्यवृत्त्यांची मर्यादा घालून दिलेली होती. संघात मात्र पंचवीस-तीस मुले असत, म्हणून प्रशिक्षक त्या शिष्यवृत्त्यांचे तुकडे करून कोणास अर्धे शुल्क, कोणास पाव, कोणास केवळ पुस्तकांचा खर्च अशी वाटणी करीत. तरीही चार वर्षांनंतर पदवी हाती पडते, आणि गुडघ्याने दगा दिला तरी पदवी दगा देत नाही, हा हिशेब जर्मनीतील घानी कुटुंबांना आणि खुद्द घानातील आईबापांनाही उत्तम समजतो. घानामध्ये १९९९ साली स्थापन झालेल्या ‘राइट टू ड्रीम’ या प्रबोधिनीने याच तत्त्वावर आपली मुले एकीकडे युरोपातील क्लबांत आणि दुसरीकडे अमेरिकेतील शाळा-महाविद्यालयांत पाठवली.

खेळ आणि शिक्षण यांचा असा सांधा भारतात कोणी मुद्दाम जुळवला नाही, पण तो आपोआप जुळला, आणि त्याने भारतीय फुटबॉलचा चेहरा पालटला. १९७८ च्या विश्वचषकासाठी निवडलेल्या इराणी संघात असलेला मजीद बिश्कर आणि त्याचा देशबांधव जमशीद नासिरी हे अलीगढ मुस्लिम विद्यापीठात शिकण्यास आले होते. १९८० साली कलकत्त्याच्या ईस्ट बंगालने त्यांना आपल्याकडे नेले, आणि बंगालने मजीदसारखा खेळाडू पुन्हा पाहिला नाही असे म्हणणारे वृद्ध आजही तेथे भेटतात. नायजेरियाचा चिमा ओकोरी विद्यार्थी म्हणून विशाखापट्टणमला आला आणि १९८५ साली मोहमेडन स्पोर्टिंगमध्ये रुजू झाला. मधल्या काळात इंग्लंडच्या खालच्या श्रेणीत खेळून तो कलकत्त्यास परतला, कारण त्याच्यावर खरे प्रेम तेथील लोकांनी केले होते. जमशीद कलकत्त्यातच स्थायिक झाला. त्याच्या तेथेच जन्मलेल्या कियान या मुलाने २९ जानेवारी २०२२ रोजी मोहन बागानच्या बाजूने ईस्ट बंगालविरुद्ध बदली खेळाडू म्हणून उतरून तीन गोल केले, तेव्हा बाप ज्या क्लबातून मोठा झाला त्याच क्लबाला मुलाने नमवले होते.

पुण्यातही परदेशी विद्यार्थ्यांची वर्दळ जुनी. फर्ग्युसन महाविद्यालयात वनस्पतिशास्त्र शिकवणाऱ्या प्रा. शां. ब. मुजुमदार यांनी मॉरिशसच्या एका विद्यार्थ्याला काविळीने अंथरुणाला खिळलेला व एकाकी पाहिला, आणि त्या अस्वस्थतेतून १९७१ साली सिंबायोसिसची स्थापना झाली, हे अनेकांना माहीत असेल. परक्या मुलुखात पहिल्या वर्षी माणसाला जो एकटेपणा घेरतो, त्यावर खेळ हा मोठा उतारा आहे. बॉल पायाशी आला की भाषा लागत नाही.

खालच्या श्रेणीत खेळणाऱ्या परदेशी फुटबॉलपटूचे दर्शन मराठी माणसाला सर्वांत जवळून घडते ते मात्र कोल्हापुरात. तेथील फुटबॉल पेठांचा आणि तालमींचा आहे. पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, दिलबहार, प्रॅक्टिस क्लब, शिवाजी तरुण मंडळ यांच्या लढती शाहू स्टेडियमवर भरतात तेव्हा पेठेतील आजोबांपासून नातवापर्यंत सगळे कडेला बसलेले असतात, आणि त्या तालमींच्या पोशाखात आफ्रिकेतून आलेले खेळाडूही उतरत आले आहेत. केरळच्या मलबार भागात सात-सात खेळाडूंचे जे सामने रात्री दिव्यांच्या उजेडात चालतात, तेथेही हीच स्थिती. २०१८ साली निघालेल्या ‘सुडानी फ्रॉम नायजेरिया’ या मल्याळम चित्रपटाने त्या जीवनाचे चित्रण केले. या खेळाडूंचे जीवन बाहेरून दिसते त्याहून कठीण आहे. व्हिसाची मुदत, पोलिसांच्या परकीय नागरिक नोंदणी कार्यालयातील हजेरी, आधीच्या देशाच्या संघटनेकडून यावयाचा आंतरराष्ट्रीय हस्तांतरणाचा दाखला, आणि दलालाने तोंडी दिलेल्या वचनाचा करारनाम्यात मागमूस नसणे, या चार गोष्टींपैकी एक जरी अडली तरी उत्तम पायांचा माणूस भाड्याच्या खोलीत हंगामभर बसून राहतो. अशा माणसाकडे केवळ भाडोत्री म्हणून पाहण्याची आपली सवय मला अन्यायाची वाटते. तो आपल्या गावच्या संघाला जे शिकवून जातो, ते तो गेल्यावरही त्या संघात राहते.

आता अराताकडे येतो. त्याचा जन्म ३१ जुलै १९८२ चा, जपानच्या यामागुची प्रांतातील शिमोनोसेकी या बंदराच्या शहरातला. आई जपानी, वडील गुजराती. जपानच्या अव्वल लीगचे दार त्याला उघडले नाही. सिंगापूरच्या लीगमध्ये अल्बिरेक्स निगाता या जपानी क्लबाचा जो दुय्यम संघ खेळत असे, त्यात तो काही काळ होता. म्हणजे जर्मनीच्या प्रादेशिक लीगमध्ये किंवा अमेरिकेच्या विद्यापीठांत जी मुले आपले नशीब आजमावतात, त्यांच्याच जातकुळीचा हा. २००६ साली वयाच्या चोविसाव्या वर्षी तो वडिलांच्या देशात आला, ईस्ट बंगालकडून खेळला, तेथून मुंबईच्या महिंद्र युनायटेडमध्ये गेला, आणि २००९ साली पुण्यात दाखल झाला.

पुणे फुटबॉल क्लब तेव्हा जेमतेम दोन वर्षांचा होता. अशोक पिरामल समूहाने २००७ साली त्याची स्थापना केली. द्वितीय श्रेणीतून वर चढून २००९-१० मध्ये तो आय-लीग या देशाच्या तेव्हाच्या अव्वल स्पर्धेत प्रथमच उतरला, आणि पहिल्याच प्रयत्नात तिसरा आला. १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांसाठी बांधलेले बालेवाडीचे शिवछत्रपती क्रीडासंकुल हे त्याचे घर होते. कलकत्त्याचे शतकी परंपरेचे क्लब, गोव्याचे डेम्पो, साळगावकर आणि चर्चिल ब्रदर्स यांच्या पंक्तीला पुण्याचे नाव प्रथमच बसत होते, आणि त्या संघाचा कणा होऊन राहिलेल्यांत अराता होता. तो दिसायला दांडगा नव्हता. त्याचे सामर्थ्य न थकता धावण्यात, दोन्ही पायांनी अचूक पास देण्यात आणि बॉल नसतानाही योग्य जागी जाऊन उभे राहण्यात होते. हे गुण शेवटच्या रांगेतून सहज दिसत नाहीत, पण बरोबर खेळणाऱ्याला पहिल्या पाच मिनिटांत जाणवतात.

परंतु तो परकीय होता. भारतीय लीगचा तेव्हाचा शिरस्ता असा होता की, संघात परदेशी खेळाडूंची संख्या मर्यादित असावी व त्यांपैकी एक जागा आशियाई खेळाडूसाठी राखून ठेवावी. नावाने, पासपोर्टाने तो जपानी. वंशाने अर्धा भारतीय. परंतु वंशाला नियमावलीत स्थान नव्हते. राष्ट्रीय संघाची गोष्ट तर आणखी दूरची. २००८ च्या अखेरीस केंद्रीय क्रीडा मंत्रालयाने असा निर्णय केला की, भारतीय पासपोर्ट ज्याच्यापाशी असेल त्यानेच देशाचे प्रतिनिधित्व करावे. भारतीय वंशाचे कार्ड त्यासाठी पुरेसे नाही. आणि भारतीय कायदा दुहेरी नागरिकत्व मानीत नाही. १९५५ च्या नागरिकत्व कायद्यानुसार दुसऱ्या देशाचे नागरिकत्व स्वेच्छेने घेणाऱ्याचे भारतीयत्व संपते, आणि भारतीय होऊ पाहणाऱ्यालाही आधीच्या राष्ट्राचा त्याग करावा लागतो. बोआटेंग बंधूंसारखी दोन दारे उघडी ठेवून उभे राहण्याची सोय येथे नाही.

या त्यागाचे वजन नीट ध्यानी घ्यावे. जपानचा पासपोर्ट हा जगातील सर्वाधिक प्रतिष्ठेच्या पासपोर्टांपैकी एक. जपानही प्रौढ नागरिकाचे दुहेरी नागरिकत्व मान्य करीत नाही. म्हणजे जन्मभूमीत पुन्हा जायचे तर परदेशी नागरिक म्हणून व्हिसा काढूनच जावे लागणार. उलट बाजूस त्याला मिळणार होते ते काय? जागतिक क्रमवारीत दीडशेच्याही खाली असलेल्या संघात निवड होण्याची शक्यता, निवडीची हमी नव्हे. तीस वर्षांच्या फुटबॉलपटूपाशी काळही फारसा उरलेला नसतो. तरीही त्याने अर्ज केला, वडिलांच्या भारतीयत्वाचे पुरावे जमवले, सरकारी मंजुरीची वाट पाहिली, आणि २०१२ साली तो भारताचा नागरिक झाला. नीलकंठ खंभोळजा हे नाव त्याने धारण केले ते तेव्हा. मैदानावर व प्रेक्षकांच्या तोंडी तो अराताच राहिला.

फेब्रुवारी २०१३ मध्ये कोचीला पॅलेस्टाईनविरुद्धच्या सामन्यात त्याने भारताचा निळा पोशाख प्रथम घातला. तो सामना भारत हरला. पुढच्या महिन्यात रंगून येथे झालेल्या आशियाई चॅलेंज चषकाच्या पात्रता फेरीसाठी डच प्रशिक्षक विम कोएव्हरमान्स यांच्या संघात तो होता. परदेशात जन्मून, परदेशी नागरिकत्व सोडून भारताकडून फुटबॉल खेळणारा तो पहिलाच. त्याच्या आंतरराष्ट्रीय सामन्यांची संख्या अल्प आहे आणि त्यात मोठे विजय नाहीत. परंतु त्याच २०१२-१३ च्या हंगामात प्रशिक्षक डेरिक परेरा यांच्या हाताखाली पुणे क्लब आय-लीगमध्ये चर्चिल ब्रदर्सच्या खालोखाल दुसरा आला, आणि पुण्याच्या फुटबॉलने त्याहून उंच पायरी आजवर पाहिलेली नाही. एकीकडे मोगा, दुसरीकडे अराता. एकाचा देश नकाशावर नव्याने उमटलेला, दुसऱ्याने नकाशावरचा देश आपला म्हणून पत्करलेला. आणि दोघांच्या श्रमाचे फळ पुण्याच्या पदरात.

पुढे अराता इंडियन सुपर लीगमध्ये अ‍ॅटलेटिको दी कोलकात्याच्या संघात होता; नंतर एफसी पुणे सिटीच्या निमित्ताने तो बालेवाडीस परतला, केरळ ब्लास्टर्सकडून खेळला, आणि खेळ थांबवल्यावर जपानला न जाता नवी मुंबईत रिलायन्स फाउंडेशनच्या ‘यंग चॅम्प्स’ प्रबोधिनीचा मुख्य प्रशिक्षक झाला. ज्याला एका देशाने वरच्या श्रेणीत घेतले नाही, त्याच्या हाती दुसऱ्या देशाने आपली मुले सोपवली.

आपल्या शहराने मात्र या ऋणाची परतफेड केलेली नाही, आणि हे मला दुःखाने लिहावे लागते. पुणे फुटबॉल क्लब २०१५ साली बंद झाला. कल्याणी समूहाचा भारत एफसी २०१४-१५ चा एकच हंगाम खेळून नाहीसा झाला. डीएसके शिवाजीयन्सने आय-लीगचे दोन हंगाम काढले आणि २०१७ साली त्यांचीही अखेर झाली. २०१४ साली स्थापन झालेला एफसी पुणे सिटी २०१९ मध्ये मिटला व त्याची जागा हैदराबादच्या संघाने घेतली. बारा वर्षांच्या आत चार क्लब आले आणि गेले. प्रत्येकाची कारणे निराळी सांगता येतील. परंतु एक कारण सर्वांत समान होते. हे क्लब उद्योगसमूहांच्या ताळेबंदावर उभे होते, पेठांवर नव्हे. ताळेबंद बिघडला वा मालकांचे मन फिरले की त्यांना आधार देईल असा सभासदवर्ग, असा मोहल्ला, अशी तालीम त्यांच्यामागे नव्हती. मामुर्डी येथील पुणे क्लबच्या प्रबोधिनीतून चांगली मुले बाहेर पडत होती, क्रीडा प्रबोधिनीत शिकलेला कोल्हापूरचा अनिकेत जाधव २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला. पण जिल्ह्याच्या लीगपासून देशाच्या लीगपर्यंत चढत जाणारा पुण्याचा स्वतःचा जिना मधूनच तुटलेला राहिला. कोल्हापुरात पैसा कमी आणि मैदान एकच; तरी तेथील तालमी पिढ्यान्‌पिढ्या टिकल्या, याचा विचार पुण्याच्या धनिकांनी करावयास हवा.

हा प्रश्न केवळ स्मरणाचा नाही, कारण अराताने उघडलेल्या वाटेने आता दुसरे येत आहेत. ऑस्ट्रेलियाच्या पर्थमध्ये १९९३ साली जन्मलेला रायन विल्यम्स इंग्लंडच्या खालच्या श्रेणीत पोर्ट्समथ, रॉदरहॅम, ऑक्सफर्ड अशा क्लबांतून वर्षानुवर्षे खेळला आणि २०२३ साली बेंगळुरू एफसीत आला. त्याच्या आईचा जन्म मुंबईच्या अँग्लो-इंडियन कुटुंबातला, आणि त्याचे आजोबा १९५० च्या दशकात संतोष करंडकात मुंबईकडून खेळलेले. नोव्हेंबर २०२५ मध्ये ऑस्ट्रेलियाचा पासपोर्ट सोडून त्यानेही भारताचा घेतला, आणि तरीही दप्तरी सोपस्कार पुरे न झाल्यामुळे ढाक्यात बांगलादेशविरुद्धच्या सामन्यात त्याला खेळता आले नाही. सरकारने नियम सैल करावेत की नाहीत यावर मतभेद असू शकतात. जो माणूस एवढा त्याग करून येतो, त्याचे कागद मुदतीत हातावेगळे व्हावेत, यावर तरी मतभेद असू नये. आणि असा आणखी एखादा खेळाडू, चोवीस वर्षांचा, दोन देशांचा, अव्वल लीगने नाकारलेला, उद्या पुणे स्थानकावर उतरला, तर देशाच्या वरच्या दोन श्रेणींत ज्याच्याकडे रुजू व्हावे असा पुण्याचा एकही क्लब आज त्याला सापडणार नाही. तो पुढच्या गाडीने मुंबईस किंवा बेंगळुरूस जाईल.